कोर्लईचा दगड आणि कोर्लईची बोली

अलिबागच्या दक्षिणेस कुंडलिका नदी अरबी समुद्राला मिळते, तेथे काळ्या कातळाचा एक चिंचोळा डोंगर थेट पाण्यात शिरला आहे. तीन बाजूंस पाणी आणि पायथ्याशी कोर्लई गाव. समोरच्या तीरावर रेवदंडा, त्यामागे प्राचीन चौल. चौलच्या बंदरात शिरणारे प्रत्येक जहाज या डोंगराच्या माऱ्यात येई. त्याच्या मालकीसाठी रक्त सांडले, ते याच कारणाने.

रेवदंड्यास ठाणे देऊन बसलेल्या पोर्तुगीजांना हुसकावण्याचा निजामशाहीचा १५७०-७१ चा वेढा फसला. तेव्हा १५९४ साली निजामशाहीने कोर्लईच्या माथ्यावर तटबंदी आरंभिली; परंतु त्याच वर्षी पोर्तुगीजांनी ती जिंकली. १७३९ साली वसई पडली आणि पुढील वर्षीच्या तहाने रेवदंडा व कोर्लई मराठ्यांकडे आले. १८१८ नंतर इंग्रजी अंमल सुरू झाला.

किल्ल्याची कथा येथे संपते, गावाची मात्र संपत नाही. राज्यकर्ते गेले, ख्रिस्ती रयत राहिली आणि तिची बोलीही राहिली. तिचा शब्दसंग्रह मुख्यतः पोर्तुगीज आहे. परंतु अडीचशेहून अधिक वर्षे मराठीच्या शेजारात नांदल्यामुळे तिच्या वाक्यात क्रियापद मराठीप्रमाणे शेवटी येऊन बसले. बोलणारे तिला ‘नो लिंग’, म्हणजे ‘आमची भाषा’, असे म्हणतात. त्यांची संख्या जेमतेम हजाराच्या घरात आहे. भाषाशास्त्रज्ञ क्लॅन्सी क्लेमंट्स यांनी १९९६ साली तिच्यावर स्वतंत्र ग्रंथ प्रसिद्ध केला.

ही बोली कोणी बळाने मोडीत काढीत नाही. शाळा मराठी, बाजार मराठी, नोकरी मुंबईची. त्यात आजीची भाषा नातवाच्या तोंडून हळूहळू ओसरते. मुलांनी मराठी शिकू नये असे कोणी म्हणणार नाही. परंतु वर्गात मराठी शिकवताना घरच्या भाषेची लाज वाटू न देणे शिक्षकाच्या हाती असते. आजीच्या गोष्टी आणि गाणी देवनागरीत उतरवून घेणे, हा एखाद्या शाळेचा वर्षभराचा उपक्रम होऊ शकतो. पाव, बटाटा, चावी हे पोर्तुगीज शब्द ज्या मराठीने निःसंकोच आपलेसे केले, तिला हे औदार्य जड जाऊ नये.

ढासळलेल्या बुरुजाची डागडुजी करता येते. बोलीचा अखेरचा बोलणारा गेला, की कोणताही गवंडी कामास येत नाही.