ठाणे ते कोल्लम : बिशप जॉर्डनस यांची वाटचाल

मध्ययुगातला युरोपीय बिशप म्हटला की जमीनजुमला, कर, दगडी कॅथेड्रल आणि राजदरबारातले वजन हे सारे ओघाने आलेच. दक्षिण फ्रान्सच्या सेव्हेराकचे डॉमिनिकन धर्मगुरू जॉर्डनस कातालानी यांच्या वाट्याला यातले काहीच आले नाही. कोकण आणि गुजरातच्या किनाऱ्यावर एकट्याने काढलेली वर्षे, हीच त्यांच्या बिशपपदामागची पुण्याई.

१३२१ साली ते चार फ्रान्सिस्कन सहकाऱ्यांसह इराणातून समुद्रमार्गे ठाण्याला उतरले. जायचे होते कोल्लमला. ठाण्यात आधीपासून राहणाऱ्या नेस्तोरियन ख्रिस्ती कुटुंबांनी त्यांना आसरा दिला. जॉर्डनस भडोचच्या वाटेला लागले आणि इकडे एप्रिलमध्ये त्यांच्या सहकाऱ्यांना काजीपुढे उभे करण्यात आले. धर्मावरून वाद झाला आणि टोलेंटिनोचे थॉमस, पादुआचे जेम्स, सिएनाचे पीटर आणि तिफ्लिसचे दिमित्री यांना जिवे मारण्यात आले. जॉर्डनस यांनी त्यांचे देह सोपाऱ्याला नेऊन पुरले.

एवढे झाल्यावर कुणीही परतीचे जहाज धरले असते, पण ते राहिले. घोघ्याहून आणि ठाण्याहून त्यांनी इराणातल्या धर्मबंधूंना पत्रे धाडली. चाच्यांनी पकडले, तुरुंगात डांबले, आजारपणाने शरीर पोखरले, हे सगळे त्यात आहे. भडोचमध्ये नव्वद जणांना बाप्तिस्मा दिल्याची नोंद आहे आणि मदतीला माणसे पाठवा अशी कळकळीची विनवणीही आहे.

पुढे ते युरोपात परतले. ऑगस्ट १३२९ मध्ये आव्हिन्यो इथून पोप बाविसावे जॉन यांनी कोल्लमचा धर्मप्रांत स्थापन करून जॉर्डनस यांना पहिले बिशप नेमले. कारभाराच्या दृष्टीने हे पद इराणातल्या सुलतानियाच्या आर्चबिशपच्या हाताखाली होते. भारतातला हा पहिला लॅटिन धर्मप्रांत.

याच सुमारास त्यांनी लॅटिनमध्ये ‘मिराबिलिया देस्क्रिप्ता’ हा छोटा ग्रंथ लिहिला. ऐकीव अद्भुत गोष्टी त्यातही आहेत, पण स्वतः पाहिलेले सांगताना त्यांची नजर पक्की आहे. फणस बारीक डहाळ्यांना लागत नाही, वजन पेलणाऱ्या जाड फांद्यांना, खोडाला, अगदी मुळाशीही लागतो आणि एक फणस पाच जणांना पुरतो, हे त्यांनी टिपले. आंब्याची गोडी वर्णन करून सांगता येणार नाही, असे त्यांना वाटले. ताडामाडाला टांगलेली मडकी, लोखंडाच्या खिळ्याविना दोरीने शिवलेली गलबते, पारशांचे अंत्यविधी, सती यांचीही नोंद आहे. ज्या किनाऱ्यावर सोबती गमावले, तिथल्या लोकांचा स्वच्छ आहार, खरे बोलणे आणि न्यायबुद्धी यांची त्यांनी मोकळ्या मनाने तारीफ केली आहे.

१३३० मध्ये पोपनी त्यांच्या हाती पूर्वेकडे पोहोचवायची पत्रे सोपवली. १३४०च्या दशकात मारिन्योली हे धर्मगुरू कोल्लमला आले, तेव्हा तिथे संत जॉर्ज यांचे लॅटिन चर्च उभे होते. चौदाव्या शतकातले ठाणे-सोपारे समजून घ्यायचे असेल, तर या बिशपची पत्रे आणि त्यांचा ग्रंथ आपल्या इतिहासाची साधने म्हणून वाचायलाच हवीत.