कामगारांच्या वतीने बोलणार कोण?

जबलपूर शहरातून रांझी आणि खमरियाच्या दिशेने निघाले की वाटेत घमापूर लागते. वस्ती जुनी आणि दाट. याच दिशेला १९०४ साली स्थापन झालेला तोफगाड्यांचा कारखाना आहे, दुसऱ्या महायुद्धाच्या काळात उभा राहिलेला खमरियाचा दारूगोळा कारखाना आहे, आणि रेल्वेचा पसारा तर शहरभर आहे. जबलपूर व नागपूर एकाच प्रांतात होते त्या काळापासून मराठी कुटुंबेही या शहरात नांदत आली आहेत. अशा कामगार-शहरात कारखान्याच्या फाटकाशी एक नव्हे, तीनतीन चारचार संघटनांचे झेंडे दिसतात. प्रत्येक संघटना म्हणते, 'कामगार आमच्या पाठीशी आहे.' मग व्यवस्थापकाने वेतनाची बोलणी करावयाची ती कोणाशी?

प्रश्न साधा दिसतो, परंतु आपल्या कायद्याने त्याचे उत्तर देण्याचे फार वर्षे टाळले. १९२६ च्या कायद्याने कामगार संघटनांना नोंदणीचा हक्क मिळाला. मात्र नोंदणी निराळी आणि मान्यता निराळी. नोंदणी म्हणजे संघटनेच्या अस्तित्वाचा दाखला. मालकाने तिच्याशी बोललेच पाहिजे, असे त्यातून निघत नव्हते. १९४७ साली मान्यता सक्तीची करणारी दुरुस्ती संमत झाली, पण ती कधी अमलातच आली नाही! तेव्हा निवड बव्हंशी मालकाच्या मर्जीवर राहिली. आणि मर्जी ही सहसा मऊ बोलणाऱ्याकडे झुकते. अडचणीचे प्रश्न विचारणाऱ्या संघटनेला फाटकाबाहेर ठेवावे आणि आपल्या कलाने घेणाऱ्या संघटनेला आत बोलावून चहा पाजावा, हा मोह टाळणारे मालक विरळाच.

यावर पहिला सर्वमान्य तोडगा निघाला तो १९५८ साली. नैनितालच्या भारतीय श्रम परिषदेने शिस्तसंहिता स्वीकारली. तिच्यातील कसोट्या अशा होत्या : संघटना नोंदणीनंतर किमान एक वर्ष कार्यरत असावी, आणि कारखान्यातील निदान १५ टक्के कामगार तिचे सभासद असावेत. सभासद कोणास म्हणावे? तर लगतच्या सहा महिन्यांत किमान तीन महिन्यांची वर्गणी ज्याने भरली, त्याला. संघटना अनेक असतील तर सर्वांत मोठीला मान्यता द्यावी, आणि एकदा दिलेली मान्यता दोन वर्षे बदलू नये. संहिता ही कायदा नव्हती, तो स्वेच्छेने पाळावयाचा नियम होता. तरीही मर्जीच्या जागी मोजणी आली, हे लहान पाऊल नव्हे.

पण मोजावयाचे काय? पावत्या? एक हजार कामगारांचा कारखाना घ्या. पहिली संघटना सहाशे सभासद सांगते, दुसरी पाचशे, तिसरी चारशे. बेरीज दीड हजार! यात कोणी खोटे बोलत असेलच असे नाही. एकाच कामगाराच्या खिशात दोन पावत्या असू शकतात. एक मनापासून घेतलेली, दुसरी शेजारच्या यंत्रावरील सोबत्याच्या आग्रहास्तव. म्हणून दुसरी रीत आली. कामगाराने लेखी संमती द्यावी आणि वर्गणी पगारातूनच परस्पर कापली जावी. हिशेब चोख झाला. परंतु कोणता माणूस कोणत्या झेंड्याखाली उभा आहे, हे मालकाच्या कचेरीला नावानिशी कळू लागले. बढतीची वाट पाहणाऱ्या माणसाला या माहितीचे भय वाटले, तर त्याला दोष कसा द्यावा?

मोजणी चुकली किंवा ती एकदा होऊन गोठली, तर काय होते, याचा जबर अनुभव मुंबईने घेतला. तेथील कापड गिरण्यांना १९४६ चा मुंबई औद्योगिक संबंध कायदा लागू होता. त्याअन्वये प्रातिनिधिक ठरलेल्या एकाच संघटनेला वाटाघाटींचा अधिकार होता, आणि तो राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे होता. १८ जानेवारी १९८२ रोजी सुमारे अडीच लाख गिरणी कामगार डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली संपावर गेले. वेतनवाढीबरोबरच हा कायदा रद्द करा, हीही त्यांची मागणी होती. कामगार एकाच्या मागे आणि बोलण्याचा हक्क दुसऱ्याकडे! गिरणीमालक सामंतांशी बोलावयास तयार झाले नाहीत. संप वर्षाहून अधिक काळ रेंगाळला, औपचारिकपणे तो कधी मागे घेतलाच गेला नाही, आणि हजारो कुटुंबांची चूल विझली. गिरणधंद्याच्या ऱ्हासाची कारणे इतरही होती. पण योग्य माणसाशी वेळेवर बोलणी न होणे हे त्यांतील लहान कारण नव्हते.

वास्तविक गिरण्यांव्यतिरिक्त इतर उद्योगांसाठी महाराष्ट्राने १९७१ च्या कायद्यात बरी वाट आखली होती. तीस टक्के सभासद असलेल्या संघटनेने औद्योगिक न्यायालयाकडे अर्ज करावा, आणि मान्यता मालकाने नव्हे, न्यायालयाने द्यावी. मालकाने स्वतःच संघटना पोसणे हे तर अनुचित कृत्य ठरविण्यात आले.

गुप्त मतदानाचा मार्ग मात्र बराच उशिरा रुळला. १९९५ साली भारतीय अन्न महामंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अशा मतदानाची पद्धती घालून दिली. रेल्वेने २००७, २०१३ आणि डिसेंबर २०२४ मध्ये देशभर मतपेट्या मांडल्या; पश्चिम-मध्य रेल्वेचे मुख्यालय जबलपूरला असल्याने या शहराने ती धामधूम जवळून पाहिली. येथे मालकाचे काम उरले ते मतदारयादी देण्याचे आणि निकाल मानण्याचे.

२०२० ची औद्योगिक संबंध संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाली आहे. संघटना अनेक असतील तर हजेरीपटावरील ५१ टक्के कामगारांचा पाठिंबा असलेली संघटना एकटीच वाटाघाटी करील. तेवढा पाठिंबा कोणालाच नसेल, तर २० टक्के वा अधिक पाठिंबा असलेल्या संघटनांचे मिळून वाटाघाटी मंडळ होईल. आता सारी भिस्त 'हजेरीपट' या शब्दावर आहे. ठेकेदाराकडून आलेला मजूर त्याच फाटकातून आत जातो, कित्येकदा त्याच यंत्रापाशी उभा राहतो. परंतु त्याचे नाव ठेकेदाराच्या पटावर असते, आणि कारखान्याच्या या मोजणीत तो येत नाही.