चीतपट म्हणजे काय?

मागच्या महिन्यात मधल्या सुट्टीत माझी आणि माझ्या मित्राची कुस्ती लागली. पैज एका चिक्कीची. मी त्याला कंबरेला धरून तोंडावर पाडलं आणि ओरडलो, "चीतपट!" सगळी पोरं त्याला चीतपट, चीतपट म्हणून चिडवायला लागली. तो सांगत होता, "माझी पाठ लागली नाही," पण कोणी ऐकलंच नाही. तो माझ्याशी बोलेना.

घरी आजोबांना मी हे ऐटीत सांगितले. ते तरुणपणी तालमीत जायचे. त्यांनी विचारले, "पाठ टेकली का त्याची?"

"नाही, तोंड टेकलं."

"मग कसला चीतपट रे? तो हरलाच नाही."

मग त्यांनी समजावून सांगितले. चीत म्हणजे उताणा आणि पट म्हणजे पालथा. नाणे उडवतानाही चीत की पट असे विचारतात, ते हेच. मातीच्या कुस्तीत पालथा पडलेला पैलवान हरत नाही. तो मातीला घट्ट चिकटून राहतो. वरच्याने त्याला उलटवून पाठ मातीला लावली, की निकाल! म्हणजे शब्दात चीत आणि पट दोन्ही असले तरी अर्थ चीतचाच. (कुस्तीत 'पट काढणे' हा डावही आहे, पण त्यात समोरच्याचे पाय धरून ओढतात. ते वेगळे.)

'अस्मान दाखवणे' हेही तसेच. अस्मान हा फारसी शब्द, म्हणजे आकाश. उताण्या पडलेल्याला आकाशच दिसणार! पालथ्याला दिसते ती माती.

पहिली महाराष्ट्र केसरी स्पर्धा १९६१ साली आपल्याच औरंगाबादेत, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरात झाली. दिनकर दह्यारी पहिले महाराष्ट्र केसरी झाले. आजही कुस्तीच्या बातम्यांत कोणी 'गुणांवर विजयी' असतो, तर कोणी 'चीतपट' करून. दोन्ही एक नव्हे. निवडणुकीच्या बातमीत मात्र पाठ न टेकताच माणसे चीतपट होतात!

दुसऱ्या दिवशी मी वर्गात सर्वांसमोर सांगितलं, की त्या कुस्तीचा निकाल लागलाच नव्हता. चिक्की तर मी तेव्हाच खाल्ली होती, म्हणून नवी आणून दिली. शनिवारी आम्ही पुन्हा कुस्ती धरली. या वेळी अस्मान मी पाहिले.