ब्रिंजारी, ऊमरा आणि खंडी

यवतमाळ, राळेगाव किंवा वणीच्या कापूस बाजारात शेतकरी कापूस विकतो तो क्विंटलने. पण त्यातली सरकी निघाली, रुईच्या गाठी बांधल्या गेल्या आणि ती रुई मुंबईच्या व्यापाऱ्याकडे पोचली, की भाव बोलला जातो खंडीचा. खंडी म्हणजे ३५६ किलो. हा आकडा असा अडनिडा का, याचं उत्तर इंग्रजांच्या मुंबईत आहे. तिथे २८ पौंडांचा मण होता आणि २८ मणांची खंडी, म्हणजे ७८४ पौंड. दशमान पद्धत आली तेव्हा त्याचेच ३५६ किलो झाले. आपल्या गावाकडची वीस मणांची खंडी इंग्रजांनी उचलली, तिला 'कँडी' म्हटलं आणि स्वतःच्या हिशेबाला सोयीचं वजन दिलं. आपल्या घरातली खंडी गेली. धान मोजणारा पूर्व विदर्भ सोडला, तर ती आता 'खंडीभर पोरं' अशा बोलण्यापुरती उरली आहे. कापसाची कँडी मात्र टिकली. २०२३ साली मुंबईच्या मल्टी कमोडिटी एक्सचेंजने कापसाचा वायदा गाठींवरून काढून कँडीवर आणला.

शब्द जुना झाला म्हणून मरत नाही. तो ज्या कामाला जुंपलेला असतो, ते काम कोणाच्या हातात जातं यावर त्याचं आयुष्य ठरतं. आपल्या यवतमाळ जिल्ह्यातल्या कापसाने इंग्रजी भाषेला काही शब्द दिले. त्यातले बरेच आज इंग्रजीत मेले आहेत, आणि त्यांच्या मरणाची कारणं शोधत गेलं तर वऱ्हाडचा दीडशे वर्षांचा इतिहास हाती लागतो.

असे शब्द सापडण्याचं मुख्य ठिकाण म्हणजे 'हॉब्सन-जॉब्सन' हा कोश. हेन्री यूल आणि ए. सी. बर्नेल यांनी तो १८८६ साली लंडनला काढला. हिंदुस्थानात राहणाऱ्या इंग्रजांच्या तोंडी रुळलेले हजारो देशी शब्द त्यांनी गोळा केले आणि प्रत्येकाखाली जुन्या पत्रांतले, प्रवासवर्णनांतले, सरकारी कागदांतले दाखले तारीखवार लावले. त्याच सुमाराला, १८८४ पासून, ऑक्सफर्डचा मोठा इंग्रजी कोश भागाभागाने निघू लागला होता. तो १९२८ साली पुरा झाला. त्या कोशाचा एक नियम मला फार मोलाचा वाटतो. शब्द वापरातून गेला तरी कोशातून काढायचा नाही. त्याच्या डोक्यावर खंजिरासारखी एक खूण करायची, शेवटचे दाखले द्यायचे आणि त्याला जागेवर राहू द्यायचं. जे शब्द पूर्ण मेलेले नाहीत, पण प्रार्थनेत, कवितेत किंवा कोर्टाच्या कागदातच भेटतात, ते वेगळे ओळखायचे. इंग्रजीत 'तू' या अर्थाचा 'दाऊ' हा तसा शब्द आहे. शिवाय तिसरी एक जात असते. शब्द एकटा असा कुठेच येत नाही, पण एखाद्या वाक्प्रचारात घट्ट बसलेला असतो. 'किथ अँड किन'मधला 'किथ' आज एकटा कोणी वापरत नाही.

आता 'ब्रिंजारी'. हा शब्द यूल-बर्नेलच्या कोशात आहे, आणि पुसद, दिग्रस, महागाव, दारव्हा या भागातल्या प्रत्येक वाचकाला त्यातला माणूस ओळखू येईल. ब्रिंजारी म्हणजे बंजारा. फारसीत तांदळाला 'बिरिंज' म्हणतात. धान्य वाहणारे लोक म्हणून त्या फारसी शब्दाची छाया या नावावर पडली आणि बंजाऱ्याचा 'ब्रिंजारी' झाला, असं कोशकारांनी नोंदवलं आहे. १८०३ साली आर्थर वेलस्ली, म्हणजे पुढचा ड्यूक ऑफ वेलिंग्टन, दख्खनेत मराठ्यांशी लढत होता. त्याच्या पत्रांतून हा शब्द सतत येतो, कारण फौज लढते ती धान्यावर आणि धान्य यायचं ते बंजाऱ्यांच्या बैलांच्या पाठीवरून. आसईची लढाई झाली, नोव्हेंबरात अडगावची झाली, डिसेंबरात गाविलगड पडला. या सगळ्या धावपळीत कुठल्या तांड्याने किती बैल धान्य आणलं, ही त्या सेनापतीची रोजची चिंता होती. ज्या लोकांना पुढे त्याच्याच सरकारने संशयित ठरवलं, त्यांच्यावाचून त्याचं पाऊल पुढे पडत नव्हतं.

कापूसही हेच लोक वाहत. रेल्वे येण्याआधी वऱ्हाडचा कापूस लादणीच्या बैलांवरून मिर्झापूरला जाई आणि तिथून गंगेच्या पाण्याने कलकत्त्याला. १८४२ साली अमरावतीच्या एका व्यापाऱ्याने एक लाख बैलांचं ओझं कलकत्त्याकडे पाठवल्याचं जुन्या गॅझेटिअरात सांगितलेलं आहे. एवढ्या बैलांचं चारा-पाणी, आजारपण, रात्रीचे मुक्काम आणि वाटेतल्या चोरांपासून राखण हे सगळं सांभाळणारा समाज किती शिस्तीचा असेल, याचा विचार इतिहासाच्या पुस्तकांनी फारसा केला नाही.

मग १८६७ साली ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे नागपूरपर्यंत पोचली. काही वर्षांतच लादणीचा बैल निरुपयोगी ठरला. १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा आला आणि पुढे अनेक प्रांतांत बंजाऱ्यांची नावं त्या यादीत घातली गेली. ज्याच्याशी इंग्रज अधिकारी करार करत, तो 'ब्रिंजारी' दोन पिढ्यांत इंग्रजी कागदांतून नाहीसा झाला. शब्दाला कोणी मारलं नाही. त्याचं काम आगगाडीने घेतलं आणि माणसाला सरकारने दुसऱ्या रकान्यात टाकलं. तो कायदा रद्द झाला १९५२ साली. त्यानंतर अकराच वर्षांनी पुसद तालुक्यातल्या गहुलीचे वसंतराव नाईक महाराष्ट्राचे मुख्यमंत्री झाले आणि १९७५ पर्यंत त्या पदावर राहिले.

याच गोष्टीतला दुसरा शब्द 'तांडा'. तांडा म्हणजे चालतं गाव, बैलांचा आणि माणसांचा काफिला. आज दिग्रसच्या रस्त्यावरून जाताना तांडा लागतो, तो एका जागी बसलेला. तिथे शाळा आहे, बंजाऱ्यांचे संत सेवालाल महाराज यांचं मंदिर आहे. तांडा-वस्ती सुधारण्याची सरकारी योजना आहे, तिला वसंतराव नाईकांचंच नाव आहे. शब्द तोच राहिला, अर्थ मात्र चालायचा थांबला. आणि ज्या गोणीत माल भरला जाई, ती 'गोणी' इंग्रजीत 'गनी' होऊन बसली आहे. तागाच्या पोत्याला इंग्रजीत आजही 'गनी बॅग' म्हणतात. ओझं वाहणारा विसरला गेला, पोतं लक्षात राहिलं.

'ऊमरा' या शब्दाची कथा वेगळी आहे. लिव्हरपूलच्या कापूस बाजारात वऱ्हाडच्या कापसाला 'ऊमरा' म्हणत. उमरावती, म्हणजे अमरावती, ही त्याची मोठी पेठ. आर्णीचा असो की वणीचा, धामणगाव स्टेशनावर बैलगाड्यांनी उतरवलेला यवतमाळचा कापूस समुद्रापार गेला की त्याचं गाव पुसलं जाई आणि तो ऊमरा होई. मुंबईच्या वायदेबाजारातही भडोच आणि बंगालच्या जोडीला ऊमराचे सौदे होत. अमेरिकेत १८६१ ते १८६५ यादवी युद्ध चाललं, तिकडचा कापूस थांबला आणि लँकेशायरच्या गिरण्यांना आपल्या कापसावर विसंबावं लागलं. आपला धागा आखूड. यंत्रं अमेरिकेच्या लांब धाग्याला लावलेली. वर वाटेतल्या व्यापाऱ्यांनी त्यात माती आणि सरकी मिसळलेली. तिथल्या मजुरांच्या तोंडी हिंदुस्थानच्या सगळ्या कापसाला एकच नाव होतं, 'सुरत', आणि पुढे 'सुरत' ही शिवी झाली. कुठलाही भेसळीचा, हलका माल म्हणजे सुरत. एका बिअर करणाऱ्याने, आपल्याला 'सुरत ब्रुअर' म्हटलं म्हणून चक्क कोर्टात दावा लावला होता.

हे वाचताना माझ्या पोटात कालवतं. जमीन काळी, पाऊस बेभरवशाचा, आणि अशा मातीत आपल्या लोकांनी पिढ्यान्‌पिढ्या निवडत आणलेलं 'बनी' नावाचं मऊ, नाजूक वाण होतं. यंत्राला जास्त रुई हवी होती, व्यापाऱ्याला जास्त वजन. बनी मागे पडली, भरड वाणं पुढे आली. दोष ठेवला गेला तो कापसावर आणि तो पिकवणाऱ्यावर. 'सुरत' शिवीच्या अर्थाने इंग्रजीत आता नाही, 'ऊमरा'ही नाही. पण बनी हा आपला शब्दही आज कास्तकाराच्या तोंडी नाही. बियाण्याच्या पाकिटावर कंपनीने छापलेलं नाव तो सांगतो, आणि ते नाव दोन-चार हंगामांत बदलतं.

गावांच्या नावांनाही हाच अनुभव आला. १८६४ साली हा जिल्हा झाला तेव्हा त्याचं नाव आग्नेय वऱ्हाड होतं, पुढे वणीवरून तो 'वून' झाला आणि १९०५ साली 'येवतमाळ'. जुन्या नकाशांवरचं हे 'वून' आज वणीच्या माणसालाही कळणार नाही.

मराठीतही अशी थडगी आहेत आणि आपण रोज त्यांच्यावरून चालतो. 'घोटाळ्यांचं पेव फुटलं' असं वर्तमानपत्र लिहितं. पेव म्हणजे जमिनीत खणलेलं ज्वारीचं कोठार. तोंड लिंपून ते वर्षानुवर्षं बंद ठेवत आणि दुष्काळात फोडत. पेवात एकदम उतरणारा माणूस आतल्या कोंडलेल्या हवेने गुदमरून मरे, म्हणून आधी तोंड उघडून थांबत. 'रक्ताच्या थारोळ्यात' हे शब्द अपघाताच्या बातमीत हटकून येतात. थारोळं म्हणजे विहिरीवर मोटेचं पाणी जिथे ओतलं जाई तो हौद. मोट गेली, वीजपंप आला, थारोळं बुजलं. पिकाला जीवन देणाऱ्या पाण्याची ती जागा भाषेत फक्त रक्तासाठी उरली, याचं मला फार वाईट वाटतं.

तहसील कचेरीत तर जुना शब्द अजून पोटावर पाय देऊ शकतो. पिकाची 'आणेवारी' काढतात. सोळा आणे म्हणजे भरघोस पीक. नाण्यांतला आणा १९५७ साली दशमान पद्धतीने संपवला, सरकारी कागदावर 'पैसेवारी' आली, पन्नास पैशांच्या आत पीक असलं तर टंचाई. पण झरी-जामणीपासून उमरखेडपर्यंत माणूस विचारतो ते हेच, 'यंदा आणेवारी किती लागली?' तलाठ्याला आपल्याकडे पटवारी म्हणतात. २०२४ साली सरकारने तलाठ्याचं नाव ग्राम महसूल अधिकारी केलं, तरी सातबाऱ्यासाठी लोक जातात ते पटवाऱ्याकडेच. त्याच कागदावर गावाच्या नावाआधी 'मौजे' असतं. बोलताना ते कोणी म्हणत नाही, पण त्याच्याशिवाय कागद पुरा होत नाही. इंग्रजीतल्या 'दाऊ'चा हा आपला सख्खा भाऊ.

२००७ साली इंग्लंडमध्ये मुलांच्या ऑक्सफर्ड कोशाच्या नव्या आवृत्तीतून ओकचं फळ, खंड्या पक्षी, काही रानफुलं यांचे शब्द गळले आणि ब्रॉडबँड, ब्लॉग असे शब्द आत आले. कोशकारांचं म्हणणं असं की मुलांच्या वापरात जे आहे ते आम्ही देतो. तिथे मोठा वाद झाला, लेखकांनी निषेधाची पत्रं लिहिली, आणि रॉबर्ट मॅकफर्लेन व चित्रकार जॅकी मॉरिस यांनी त्या हरवलेल्या शब्दांवर २०१७ साली मुलांसाठी देखणं पुस्तक काढलं. आपल्याकडे 'तिफन', 'सरता', 'चाडं' हे शब्द मुलांच्या तोंडून गेले तेव्हा वाद झाला नाही. ते कुठल्या बालकोशात मुळात नव्हतेच.

पेरणीच्या तिफनीचं चाडं म्हणजे बियाणं सोडायची लाकडी वाटी. तिच्याखाली नळ्या, नळ्यांखाली फण. 'चाड्यावर मूठ धरणं' हे बाईचं काम आणि ते कसबाचं. मुठीतून दाणे सारखे सुटले पाहिजेत, बैलाच्या चालीशी हाताची गती जुळली पाहिजे. शेजारी तुरीसाठी सरता धरणारी दुसरी बाई. आता ट्रॅक्टरच्या पेरणीयंत्राला चाडं नाही, आणि बीटी कापसाची महागडी सरकी तर एकेक करून हाताने टोबायची असते. काम गेलं तसे त्या कामाचे सूक्ष्म शब्दही गेले. वेचणीचे शब्द मात्र अजून आहेत, कारण कापूस वेचायला अजून बाईचाच हात लागतो. भिजून किंवा किडीने डागाळलेल्या बोंडाचा कापूस तो 'कवडी'. मुख्य हंगाम संपल्यावर त्याच झाडांवर पुन्हा घेतलेलं पीक ते 'फरदड'. गुलाबी बोंडअळी आल्यापासून कृषी खातं फरदड घेऊ नका म्हणून सांगतं, म्हणजे हा शब्द आता सूचनापत्रकात शिरला आहे. वेचणी सुरू करताना वावरात दहीभाताचा नैवेद्य दाखवतात, ती 'सीतादही'. गेल्या काही वर्षांत अनेक वावरांतून तीही कमी झाली.

यूल आणि बर्नेल यांना दाखले मिळाले ते छापील कागदांतून, कारण त्यांचे शब्द वापरणारे सेनापती, कलेक्टर आणि व्यापारी लिहिणारे होते. वेचणीच्या बाया लिहीत नाहीत. त्यांचे शब्द मिळतील ते नोव्हेंबर-डिसेंबरात, पात लागलेली असताना, ओटीत कापूस भरत असताना. वखराची पास आणि रुमणं कशाला म्हणतात हे विचारायचं तर वखर जुंपलेला असावा लागतो, आणि ज्याने तो जुंपला तो गडी आता सत्तरीत आहे. बंजारा तांड्यात तर हे विचारणं गोरबोलीत व्हायला हवं, पाटणबोरी-पांढरकवड्याकडच्या कोलामांच्या पोडांवर, म्हणजे वस्त्यांवर, कोलामीत. कोलामी द्राविडी भाषा आहे. एम. बी. एमेनो या भाषाशास्त्रज्ञाने १९५५ साली तिच्यावर ग्रंथ लिहिला आणि त्याआधी, १९५० साली, सेतुमाधवराव पगडींनी तिचं व्याकरण केलं. पगडी निजामाच्या राज्यातले अधिकारी. कचेरीचं काम सांभाळून ते कोलामांमध्ये बसले आणि त्यांच्याकडून ही भाषा शिकले.