दोनदा आलेले पत्र

पत्र धाडणाऱ्या माणसाला एक चिंता नेहमीच असते. पत्र पोचले असेल का? कागदी टपालाच्या काळात महत्त्वाचे पत्र नोंदवून पाठवीत आणि घेणाऱ्याच्या सहीची पोचपावती परत येईपर्यंत वाट पाहत. ती पावती हाती आली म्हणजे मन निश्चिंत होई.

ई-मेलच्या जगातही हीच रीत आहे. १९७१ साली अमेरिकेतील केंब्रिज या शहरी रे टॉमलिन्सन या अभियंत्याने अर्पानेट नावाच्या जाळ्यातून एका संगणकावरून दुसऱ्या संगणकाकडे निरोप धाडला. ते दोन्ही संगणक एकमेकांच्या शेजारीच होते! माणसाचे नाव आणि त्याच्या संगणकाचे नाव यांच्यामध्ये ‘ॲट’ हे चिन्ह घालण्याची योजनाही त्याचीच. पुढे १९८२ साली जॉन पोस्टेल या शास्त्रज्ञाने ई-मेलच्या ने-आणीचे नियम लिहिले. त्यांतील एक नियम मोठा मार्मिक आहे. पत्र पुढे देणाऱ्या संगणकाने, घेणाऱ्याकडून पोच मिळेपर्यंत, ते आपल्याजवळ जपून ठेवावे आणि पोच न मिळाल्यास पुन्हा पाठवावे.

आता समजा, पत्र सुखरूप पोचले. परंतु पोच मात्र वाटेतच नाहीशी झाली, किंवा फार उशिरा आली. पाठविणाऱ्या संगणकाला वाटते की पत्र गेलेच नाही. तो ते पुन्हा धाडतो. अशा रीतीने एकाच पत्राच्या दोन प्रती आवकपेटीत, म्हणजे इनबॉक्समध्ये, येऊन पडतात. १९८८ साली क्रेग पार्ट्रिज या संशोधकाने एका टिपणात या दोषाचे कारण उलगडून दाखविले होते. पण दोष म्हटला, तरी त्यामागे शहाणपण आहे. पत्र हरवण्यापेक्षा ते दोनदा पोचलेले बरे!

दुहेरी पत्रांची आणखीही कारणे आहेत. दूरच्या संगणकावरील पत्रे घरच्या संगणकावर उतरवून घेणारी आज्ञावली, कोणती पत्रे आणली याची यादी ठेवते. ती यादी बिघडली, तर जुनी सारी पत्रे पुन्हा उतरतात. संगणक बदलताना जुना पत्रसंग्रह चुकून दोनदा भरला गेला, तरी तेच होते. कधी एकाच माणसाचा पत्ता स्वतंत्रपणेही लिहिलेला असतो आणि एखाद्या गटातही असतो. मग त्याला दोन प्रती मिळतात.

अशा प्रती साचल्या म्हणजे हवे ते पत्र शोधणे कठीण होते आणि साठवणीची जागाही व्यर्थ अडते. तेव्हा पेटी साफ केली पाहिजे. परंतु येथेच खरा धोका आहे. समजा, एका शाळेच्या पेटीत ‘परीक्षेचे वेळापत्रक’ अशा एकाच विषयाची दोन पत्रे आहेत. घाईघाईने एक पुसले, आणि नेमके त्यातच गणिताच्या परीक्षेची सुधारलेली तारीख होती! शाळेपाशी आता चुकीची तारीख उरली. सारखा विषय म्हणजे सारखे पत्र नव्हे.

मग खरी प्रत ओळखावी कशी? कचेरीतून बाहेर जाणाऱ्या कागदावर जसा जावक क्रमांक घालतात, तशी ई-मेलवरही बहुधा एक ओळखखूण असते. पत्र निघतानाच ती दिली जाते आणि दोन निराळ्या पत्रांना एकच खूण द्यावयाची नसते. एरवी ती डोळ्यांआड असते. पत्राचे मूळ रूप उघडले म्हणजे दिसते. त्याच जागी, पत्र ज्या ज्या संगणकातून गेले त्यांचे शिक्केही वेळेसह उमटलेले असतात. दोन प्रतींवरील शिक्के वेगळे असू शकतील, पण ओळखखूण एकच राहते. मात्र पाठविणाऱ्यानेच तेच पत्र दोनदा लिहून धाडले, तर दोघांच्या खुणा निरनिराळ्या असतात. तेथे मजकूर, तारीख आणि सोबतची जोडपत्रे ताडून पाहावी लागतात.

सफाईचा क्रम असा ठेवावा. प्रथम दुहेरी पत्रे कशामुळे येतात ते शोधून ते कारण दूर करावे. नळ चालू ठेवून जमीन पुसण्यात अर्थ नाही. नंतर सर्व पत्रसंग्रहाची एक प्रत दुसरीकडे जपून ठेवावी. मग ओळखखूण पाहून जोड्या लावाव्यात. हजारो पत्रे असली, तर हे काम करणाऱ्या आज्ञावल्याही मिळतात. प्रत्येक जोडीतील पूर्ण प्रत, जोडपत्रांसह, राखावी व दुसरी आधी कचरापेटीत टाकावी. जीमेलसारख्या सेवेत तेथील पत्र ३० दिवस परत घेता येते. त्यानंतर ते कायमचे जाते. म्हणून त्या मुदतीत एकवार सारे तपासून पाहावे.

पत्र पोचावे म्हणून संगणक ते दोनदा पाठविण्याची दक्षता घेतो. ते पुसताना माणसानेही दोनदा पाहण्याची दक्षता घ्यावी. अधिकची प्रत राहिली, तर थोडी अडचण होते. एकुलती एक प्रत गेली, तर मात्र ती परत मिळत नाही.