कोर्टाची पायरी आधी कोणी चढायची?

नेदरलँड्समध्ये एखाद्या पोलिसाला बडतर्फ करायचं वरिष्ठांच्या मनात आलं, तरी त्याच्या हाती थेट हुकूम पडत नाही. आधी इराद्याचं पत्र येतं: तुमच्यावर हा आरोप आहे, ही शिक्षा देण्याचा विचार आहे, तुमचं म्हणणं मांडा. आपल्याकडचा सरकारी नोकर याला ‘कारणे दाखवा’ नोटीस म्हणून लगेच ओळखेल.

पत्रामागे अंतर्गत चौकशीचा अहवाल असतो. त्यात सहकाऱ्यांचे जबाब असतात आणि अनेकदा संगणकातल्या नोंदीही. पोलिसांच्या माहितीसाठ्यात कोणी, कोणत्या दिवशी, किती वाजता, कोणाचं नाव शोधलं हे सगळं टिपलं जातं. कामाशी संबंध नसताना ओळखीच्या माणसाची किंवा एखाद्या गाडीच्या नंबराची माहिती काढली, हा आरोप अशा प्रकरणांत वारंवार दिसतो.

खुलासा पटला नाही की हुकूम निघतो. लेखी ताकिदीपासून बडतर्फीपर्यंत शिक्षांची उतरंड आहे. सशर्त बडतर्फीही आहे. ठरलेल्या मुदतीत पुन्हा कसूर केली नाही, तर ती अमलात येत नाही. हुकुमाविरुद्ध हरकत घ्यायला सहा आठवडे मिळतात. मुदत चुकली आणि तसंच सबळ कारण नसलं, तर प्रकरण तिथेच संपतं. हरकतीची सुनावणी खात्याकडेच होते, म्हणजे ज्यांनी शिक्षा दिली त्यांनाच फेरविचार करायचा असतो. तिथे यश आलं नाही की जिल्हा न्यायालय आणि मग उट्रेख्टची ‘सेंट्राले राड फान बरूप’ ही अपिलाची सर्वोच्च संस्था. प्रत्येक टप्प्यावर पुन्हा सहा आठवड्यांचीच मुदत. हरकत घेतली म्हणून बडतर्फी आपोआप थांबत नाही. स्थगिती हवी तर न्यायाधीशाकडे वेगळा अर्ज करावा लागतो. तोवर पगार बंद, घरभाडं मात्र चालू.

उट्रेख्टच्या न्यायाधीशांपुढचे प्रश्न ठरलेले असतात. आरोपातलं वर्तन खरंच घडलं का? फौजदारी खटल्याइतका काटेकोर पुरावा इथे लागत नाही, पण नीट तपासून घेतलेल्या माहितीवरून न्यायाधीशांची खात्री पटावी लागते. त्या वर्तनाची जबाबदारी कर्मचाऱ्यावर टाकता येते का? आजारपणामुळे भान नव्हतं, असं म्हणणाऱ्याला ते पटवून द्यावं लागतं. आणि शेवटी, शिक्षा कसुरीच्या मानाने जास्त तर नाही ना? भारतात सर्वोच्च न्यायालयाने 1995 मध्ये बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात घातलेली मर्यादा अशी, की शिक्षा न्यायालयाच्या सदसद्विवेकाला धक्का देणारी असेल तरच तिच्यात हात घालायचा. महाराष्ट्रात प्रशासकीय न्यायाधिकरणाची, म्हणजे मॅटची दारं ठोठावणाऱ्या कर्मचाऱ्यालाही ही भिंत आडवी येते.

डच सरकारी नोकराला खात्याबाहेरचा न्यायाधीश मिळाला तो 1929 च्या कायद्याने. अंमल 1933 पासून. लष्करातल्या सक्तीच्या भरतीवाल्यांची गत मात्र वेगळी होती. नोव्हेंबर 1970 मध्ये एका सैनिकाची मोटार बिघडली. पहिली गाडी पकडण्याऐवजी तो मोटार दुरुस्त करून घेत बसला आणि सुमारे चार तास उशिरा हजर झाला. शिक्षा: चार दिवसांची साधी अटक. दुसरे दोघे सैनिकांच्या संघटनेचं ‘अलार्म’ नावाचं नियतकालिक काढत. त्यातल्या मजकुराने शिस्त बिघडते म्हणून त्यांच्या वाट्याला काही महिन्यांची शिस्त-तुकडी आली. अशा पाच जणांनी स्ट्रासबूर्गच्या युरोपीय मानवी हक्क न्यायालयाची वाट धरली.

8 जून 1976 रोजी ‘एंगेल आणि इतर विरुद्ध नेदरलँड्स’चा निकाल लागला. सैनिकांच्या बऱ्याच तक्रारी फेटाळल्या गेल्या, लेखनस्वातंत्र्याचीही. पण तिघांची प्रकरणं लष्करी उच्च न्यायालयाने बंद दाराआड चालवली होती, हे चुकलं, असं न्यायालयाने ठरवलं. एंगेलला कडक अटकेत डच कायद्यातल्या चोवीस तासांच्या मर्यादेपलीकडे ठेवलं होतं, तेही बेकायदा ठरलं. भरपाई म्हणून त्याला प्रतीकात्मक शंभर गिल्डर मिळाले. सरकारने ‘शिस्तभंगाची कारवाई’ असं नाव दिलं म्हणून शिक्षा फौजदारी नसते असं नाही. गुन्ह्याचं स्वरूप आणि शिक्षेची तीव्रताही पाहायची, ही कसोटी याच निकालाची. युरोपभर ती आजही लावली जाते.

1 जानेवारी 2020 पासून पाच लाखांहून अधिक डच सरकारी कर्मचारी खासगी नोकरांसारखे कराराखाली आले. फातमा कोशेर काया आणि एडी फान हाइयम या खासदारांनी 2010 मध्ये मांडलेल्या विधेयकाचं हे फळ. आता गैरवर्तनासाठी काढायचं, तर कर्मचारी राजी नसल्यास सरकारलाच आधी दिवाणी न्यायाधीशाकडे जावं लागतं आणि निकाल लागेपर्यंत नोकरी टिकते. तडकाफडकी काढून टाकलं तरच दोन महिन्यांच्या आत धाव घ्यायची वेळ कर्मचाऱ्यावर येते.

पोलिस, लष्कर, न्यायाधीश आणि सरकारी वकील यांना या बदलातून वगळलं आहे. त्यांचं काम निराळं आहे, हे मान्य. पण संगणकातल्या नोंदी, जबाब, चौकशी अधिकारी आणि वकील हे सगळं ज्या खात्याच्या हाताशी असतं, त्याने पगार तोडण्याआधी त्रयस्थ न्यायाधीशाला पटवून द्यावं, ही अपेक्षा गणवेशातल्या माणसाच्या बाबतीतही रास्तच आहे.