पुनर्मूल्यांकनाचा निकाल अडला, तर?

पुनर्मूल्यांकनाचे पैसे भरले, पुढच्या सत्राची परीक्षा तोंडावर आली, तरी निकाल नाही. अशा वेळी परीक्षा विभागाच्या खिडकीवर वाद घालून फारसे काही हाती लागत नाही. तक्रार लेखी द्या आणि पोच घ्या. पुढे सारे त्या कागदावर चालते.

यूजीसीच्या २०२३च्या नियमांनुसार ठरल्या वेळेपेक्षा निकाल लांबणे हीसुद्धा तक्रारच. विद्यार्थी तक्रार निवारण समितीने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो. समाधान झाले नाही, तर १५ दिवसांत लोकपालाकडे अपील. मात्र नुसते ‘गुण कमी पडले’ म्हणून लोकपाल सहसा दखल घेत नाहीत. ठोस अनियमितता किंवा भेदभाव दाखवावा लागतो.

उत्तरपत्रिकेची प्रत माहिती अधिकारात मागता येते. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये तो हक्क मान्य केला. ग्राहक मंचाची वाट मात्र धरू नये: परीक्षा घेणे ही ‘सेवा’ नव्हे, असे २००९ सालीच ठरले आहे.

प्रवेश किंवा नोकरी हातची जाणार असेल, तर अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट. न्यायालय सहसा स्वतः गुण देत नाही. पण निकाल अमुक तारखेपर्यंत लावा, असा आदेश विद्यापीठाला देऊ शकते.